घास आणि भार



ज्यांच्या स्मरणार्थ हे व्याख्यान होते, त्यांना आमच्या वेळी शाळेत कोणी नावाने संबोधीत नसे. इतर शिक्षिकांना आडनाव लागे. त्यांना नुसते ‘बाई’ म्हटले की पुरे. मी या शाळेत शिकले तो काळ १९६० च्या आसपासचा. पुढे मी गृहविज्ञान शिकले आणि तोच विषय आयुष्यभर शिकवला. म्हणून संस्थेच्या चिटणिसांनी ‘आपली संस्कृती आणि रोजचे जीवन : काल आणि आज’ असा विषय सुचवला, तेव्हा मला आनंद झाला आणि थोडी धास्तीही वाटली. आनंद अशासाठी की, रोजचे घरकाम हा व्याख्यानाचा विषय होऊ शकतो हे संस्थेला मान्य आहे. धास्ती अशासाठी की, या विषयावर बोलणारा माणूस बहुधा दोनपैकी एका वाटेने जातो. एक तर तो गेलेल्या दिवसांसाठी उसासे टाकतो, नाही तर जुने सारे अडाणीपणाचे होते असे म्हणून मोकळा होतो. ज्या घरात मी वाढले, ते घर यांपैकी कोणत्याच वर्णनात बसत नाही.

तेव्हा ‘संस्कृती’ हा मोठा शब्द आज मी थोडा बाजूला ठेवणार आहे आणि घरातल्या दोन साध्या गोष्टींविषयी बोलणार आहे : जाते आणि पंगत. जाते म्हणजे घराचा भार आणि पंगत म्हणजे घराचा घास. एखाद्या समाजाची संस्कृती जाणून घ्यायची तर त्याची देवळे पाहावीत, ग्रंथ वाचावेत, संगीत ऐकावे, हे खरेच. पण त्याबरोबर हेही विचारावे की, त्या समाजात घास कोणाकोणाच्या वाट्याला येतो आणि भार कोणाकोणाच्या खांद्यावर पडतो. माझ्या मते हा प्रश्न सर्वांत आधी विचारायला हवा.

आधी जात्याविषयी.

रावपुऱ्याजवळच्या आमच्या वाड्यात माजघराच्या कोपऱ्यात एक दगडी जाते होते. खालची तळी जमिनीत पक्की बसवलेली. वरची तिच्यावर लाकडी खुंट्याने फिरवायची. मधोमध खीळ आणि तिच्या भोवतीच्या तोंडात मूठमूठ धान्याची वैरण घालायची. वैरण जास्त पडली तर पीठ भरड येई. फार कमी पडली तर दगडावर दगड घासून पिठात कचकच उतरे. हे प्रमाण कोणत्याही पुस्तकात लिहिलेले नव्हते. ते हाताला कळावे लागे. दगड गुळगुळीत झाला की टाकी लावणारी बाई दारावर येई आणि छिन्नीने त्याला पुन्हा खाचा पाडून देई. आम्ही मुले ती टकटक ऐकत तिच्याभोवती कोंडाळे करून बसत असू.

बडोद्यात पिठाच्या गिरण्या माझ्या जन्माआधीच आल्या होत्या. आमच्याकडचे रोजचे गहू-बाजरी गिरणीत जात. जात्यावर निघे ती थालिपिठाची भाजणी, मेतकूट, भरडलेल्या डाळी आणि सोवळ्यातले पीठ. पण माझ्या आजीच्या तरुणपणी असे नव्हते. ती सांगे की, सासरी पहाटे चार वाजता उठून दोघी जावांनी समोरासमोर बसायचे आणि घरच्या पंधरा माणसांचे पीठ उजाडायच्या आत काढायचे. त्यानंतर तिचा दिवस सुरू होई. तिच्या उजव्या तळहातावर खुंट्याचा घट्टा अखेरपर्यंत होता. ती आम्हाला गोष्टी सांगत असताना मी त्या घट्ट्यावरून बोट फिरवीत असे. तेव्हा मला तो तिच्या हाताचाच एक भाग वाटे. जन्मतःच असावा तसा.

जाते म्हटले की ओवी आलीच. कल्याणीचा चालुक्य राजा सोमेश्वर याने ११२९ च्या सुमारास रचलेल्या ‘मानसोल्लास’ या संस्कृत ग्रंथात, महाराष्ट्रातल्या स्त्रिया कांडताना ओव्या गातात अशी नोंद आहे. म्हणजे या गाण्याला सुमारे नऊशे वर्षांचा लेखी पुरावा आहे. साने गुरुजींनी ओव्या जमवून ‘स्त्री जीवन’ हे पुस्तक सिद्ध केले. पुढे हेमा राईरकर आणि गी पॉइटवाँ यांनी सहकाऱ्यांसह गावोगाव जाऊन एक लाखाहून अधिक ओव्या नोंदवल्या. हे काम झाले नसते तर आपल्या भाषेतले एक मोठे दालन कायमचे बंद झाले असते.

ओव्यांचे कौतुक आपण करतो ते योग्यच आहे. पण मी ओव्या वाचते तेव्हा एक गोष्ट मला अस्वस्थ करते. त्यांत माहेरची ओढ आहे, भावाची वाट आहे, लेकीच्या पाठवणीचे दुःख आहे, सासुरवास आहे. आणि हे सारे कितीदा तरी जात्यालाच सांगितलेले आहे. ज्या घरात ऐकायला माणूस असते, त्या घरात दगडाला कशाला सांगावे लागेल? ओवी ही आपल्या स्त्रियांची निर्मिती आहे आणि ती त्यांच्या एकटेपणाची साक्षही आहे. या दोन्ही गोष्टी एकाच वेळी खऱ्या आहेत. पहिलीचा अभिमान बाळगताना दुसरी विसरणे हा अप्रामाणिकपणा होईल.

आणि याच ठिकाणी मला जनाबाई आठवते. नामदेवांच्या घरची ही दासी. दळण, कांडण, शेणगोठा, पाणी भरणे हे तिचे आयुष्य. लोकपरंपरा सांगते की, जनीचे हात दुखू लागले म्हणजे पंढरीचा विठ्ठल येऊन तिच्याबरोबर दळू लागे. लहानपणी ही कथा मला गोड वाटे. आता ती मला आपल्या संस्कृतीतली एक फार मोठी कल्पना वाटते. देवाची थोरवी कशात आहे? राक्षस मारण्यात आहे, विश्वरूप दाखवण्यात आहे, हे तर झालेच. पण खुंट्यावरच्या बाईच्या हातावर आपला हात ठेवण्यातही ती आहे, असे आमच्या लोकांनी मानले. भार वाटून घेणे ही देवपणाची खूण आहे, हे आपल्या परंपरेला शेकडो वर्षांपूर्वी सुचले होते. दोष एवढाच की, तसे सुचल्यावर ते काम आम्ही देवावर सोपवले आणि घरातले पुरुष गाढ झोपून राहिले.

आता पुढचा काळ पाहू. जात्याची जागा गिरणीने घेतली, चुलीची स्टोव्हने आणि मग गॅसने, आडाच्या रहाटाची नळाने. आपल्या शहरात हे बरेच लवकर घडले. आजव्याच्या सयाजी सरोवराचे पाणी महाराजांच्या कारकिर्दीतच नळाने शहरात आले. नळाने मिळणारा गॅसही १९७० नंतरच्या दशकातच आपल्याकडे आला. तेव्हा देशातल्या फार थोड्या शहरांना ती सोय माहीत होती. आणि अलीकडच्या काळात गुजरातेत घरोघर ‘घरघंटी’ आली आहे. बटण दाबले की पाव तासात ताजे पीठ! गुजरातीत जात्यालाही घंटी म्हणतात आणि गिरणीलाही घंटीच. त्यामुळे आपली बडोद्याची मराठी माणसेही ‘घंटीवर दळण दिले’ असेच बोलतात. म्हणजे जाते घराबाहेर गेले, गिरणी झाले आणि घरघंटी होऊन पुन्हा घरात आले. फक्त या वेळी येताना त्याने घट्टा आणला नाही. आजीच्या तळहाताची आठवण ज्या नातीला आहे, ती या यंत्राला संस्कृतीचा शत्रू म्हणू शकत नाही.

इथे एका विदुषीचे स्मरण करणे आवश्यक आहे. १९४९ साली महाराजा सयाजीराव विद्यापीठ स्थापन झाले, तेव्हा त्याच्या पहिल्या कुलगुरू हंसाबेन मेहता होत्या. मानवी हक्कांच्या जागतिक जाहीरनाम्याच्या मसुद्यात ‘सर्व पुरुष’ असाही अर्थ निघणारा शब्दप्रयोग होता. तो बदलून ‘सर्व मानव’ असा निःसंदिग्ध शब्द यावा, असा आग्रह धरणाऱ्या त्या याच. त्यांच्या कारकिर्दीत, १९५० मध्ये, विद्यापीठात गृहविज्ञान शाखा सुरू झाली. पुष्कळांनी तेव्हा थट्टा केली की, पोळ्या लाटायला पदवी कशाला हवी? मी त्या शाखेत गेले तेव्हाही थट्टा चालूच होती. पण तिथे आम्हाला पहिल्यांदा शिकवले गेले की, घरात होणारे काम हे काम आहे. त्याला वेळ लागतो, शक्ती लागते, ज्ञान लागते आणि म्हणून ते मोजता येते. ओट्याची उंची किती असावी, म्हणजे बाईच्या कमरेला त्रास होणार नाही, हा प्रश्न विद्यापीठात विचारण्याजोगा आहे, हे कळले त्या दिवशी मला माझी आजी आठवली होती.

आता पंगतीकडे वळते.

आमच्या वाड्यातली पंगत मला अजून डोळ्यांसमोर दिसते. पाट मांडलेले, पुढे रांगोळीची एक रेघ. पानात मीठ, लिंबू, चटणी, कोशिंबीर डावीकडे, भाज्या उजवीकडे, मध्ये भाताची मूद, वर वरण आणि तूप. कोणती वस्तू कुठे वाढायची हे लहान पोरांनाही ठाऊक असे. पण त्या मांडणीपेक्षा मोलाचे होते ते पंगतीमागचे नियम. सर्वांना वाढून झाल्याशिवाय कोणी घास उचलायचा नाही. सर्वांचे आटोपल्याशिवाय कोणी उठायचे नाही. जेवणाआधी गाईचा घास आणि कावळ्याचा घास बाजूला काढायचा. दारी आलेल्या अतिथीला विन्मुख धाडायचे नाही. आपल्या घासात दुसऱ्याचा वाटा आहे, ही गोष्ट आम्हाला कोणी भाषण देऊन शिकवली नाही. ती आम्ही भुकेल्या पोटी थांबून शिकलो.

वाट्याचा हा नियम घराच्या उंबरठ्यापाशी थांबत नसे. पोळातल्या समोरच्या घरी गुजराती कुटुंब होते. तिथल्या बांचा उत्तरायणातला उंधियू आमच्याकडे येई आणि आमचा तिळगूळ त्यांच्याकडे जाई. होळीला आमच्याकडून पुरणपोळी, श्रावणात सातमीच्या दिवशी त्यांच्याकडून थंड वडी आणि थेपले. आणि नियम असा की, आलेली वाटी रिकामी परत करायची नाही. काहीच नसेल तर चमचाभर साखर घालायची. अडीचशे वर्षांहून अधिक काळ मराठी माणसे या शहरात राहिली, इथलीच झाली, ती गायकवाडांच्या फौजेमुळे आली हे इतिहास सांगेल. पण ती इथे रुजली ती अशा वाट्यांमुळे, असे मला वाटते.

हे सारे चांगले होते. पण मी आरंभी म्हटले की, उसासे टाकायला मी आलेली नाही. त्या पंगतीच्या दोन बाजू सांगितल्या नाहीत तर मी माझ्या विषयाशी आणि बाईंच्या स्मृतीशी प्रतारणा केल्यासारखे होईल.

पहिली बाजू घरातली. पंगती तीन बसत. पहिली पुरुषांची, दुसरी मुलांची, तिसरी बायकांची. आणि तिसऱ्या पंगतीतही वाढणारी असे, ती सर्वांत शेवटी. ती माझी आई. मी दहा वर्षांची असेन. दसऱ्याचा दिवस होता. ऐनवेळी चार पाहुणे आले आणि श्रीखंड दुसऱ्या पंगतीतच संपले. मी पातेले चाटत स्वयंपाकघरात बसले होते. आईने वरणभात घेतला. मी विचारले, “आणि तुला श्रीखंड?” ती म्हणाली, “मला नाही गं आवडत.” मी ते खरे मानले. पुढे तीसपस्तीस वर्षे आमच्या घरी सर्वांना माहीत होते की, आईला श्रीखंड आवडत नाही. तिची सत्तरी उलटल्यावर, दुखण्यातून उठली होती तेव्हा, एके दुपारी ती मला म्हणाली, “थोडे श्रीखंड आणतेस का? फार दिवस झाले, मनसोक्त खाल्ले नाही.” श्रोतेहो, मी ते आणून दिले. पण ते आणायला जाताना वाटेत मला जो हिशेब कळला, तो आजही मला पुरता चुकता करता आलेला नाही.

दुसरी बाजू घराबाहेरची. पंगत सर्वांची असे, असे आपण म्हणतो. पण ‘सर्व’ या शब्दात कोण येत असे? संत एकनाथांनी श्राद्धाचे अन्न अस्पृश्य मानलेल्या भुकेल्यांना वाढले, ही कथा आपण चारशे वर्षे भक्तिभावाने सांगत आलो. सांगितली पुष्कळ, पाळली थोडी. त्याचा दाखला दूर शोधायला नको. आपल्याच बडोदे संस्थानाची शिष्यवृत्ती घेऊन डॉ. बाबासाहेब आंबेडकर १९१३ साली अमेरिकेत कोलंबिया विद्यापीठात गेले. करारानुसार नोकरी करण्यासाठी १९१७ साली ते या शहरात आले. परदेशात मान मिळवून आलेल्या या विद्वानाला इथे राहायला खोली मिळाली नाही. कचेरीत पाणी मिळणे कठीण झाले. नाव लपवून ज्या पथिकाश्रमात ते उतरले होते, तिथून त्यांना बाहेर काढण्यात आले आणि कमाटी बागेत बसून त्यांना अश्रू ढाळावे लागले. ती जागा आज ‘संकल्पभूमी’ म्हणून ओळखली जाते. सक्तीचे मोफत शिक्षण १९०६ साली राज्यभर लागू करणाऱ्या पुरोगामी राजाच्या राजधानीत हे घडले. कायदा राजाला करता येतो. पण पाण्याचा पेला ज्याच्या हातात असतो, तो प्रजेतला साधा माणूस असतो. संस्कृतीची परीक्षा त्या पेल्यापाशी होते.

म्हणजे जुन्या घराचा ताळेबंद मी असा मांडीन : त्या घराने घास वाटायला शिकवले, पण तो मोजक्याच माणसांत वाटला, आणि भार तर त्याने वाटलाच नाही. तो त्याने जिच्यावर पडला तिच्यावरच राहू दिला आणि वर त्याला त्याग असे सुंदर नाव दिले.

मग आजच्या घराचा ताळेबंद काय? इथे आनंद मानण्याजोगे पुष्कळ आहे. बहुतेक घरांतून तीन पंगती गेल्या. सून सासऱ्यांसमोर खुर्चीवर बसून जेवते आणि त्यात कोणाला वावगे वाटत नाही. सोवळेओवळे विरळ झाले. मुलगी शिकते, नोकरी करते. हे सर्व आपोआप झालेले नाही. त्यासाठी अनेकांनी आयुष्ये वेचली आहेत.

पण घासाचे काय झाले? आता घरात चार माणसे चार वेळांना जेवतात. एकाच वेळी बसली तरी प्रत्येकासमोर स्वतःचा पडदा उजळलेला असतो. फोनवरून प्रत्येकाचा वेगळा पदार्थ दारात येतो. थांबण्याची गरज संपली आणि थांबण्याबरोबर शेजारच्या पानाकडे पाहण्याची सवयही संपली. एक लहानशी गोष्ट सांगते. घरात शीतकपाट नव्हते तेव्हा उरलेले अन्न त्याच दिवशी कोणाला तरी द्यावे लागे, नाही तर ते वाया जाई. शेजारी देत, दारी आलेल्याला देत. शीतकपाट आले आणि उरलेले अन्न ‘उद्याचे’ झाले. यंत्राचा यात काही अपराध नाही. तिसऱ्या दिवशी ते टाकून देतो ते आपणच. वाटी मात्र त्या थंड कपाटातच अडकून राहिली; समोरच्या दारापर्यंत जायची ती थांबली.

आणि भाराचे काय झाले? केंद्र सरकारच्या सांख्यिकी कार्यालयाने २०१९ साली देशभर वेळेच्या वापराची पाहणी केली. तिच्यात असे आढळले की, घरातले बिनमोबदल्याचे काम रोज करणाऱ्या स्त्रिया शंभरात ८१ होत्या, तर पुरुष शंभरात २६. जे हे काम करत होते त्यांचा सरासरी वेळ पाहिला, तर स्त्रियांचा दिवसाला २९९ मिनिटे आणि पुरुषांचा ९७ मिनिटे. २९९ मिनिटे म्हणजे जवळजवळ पाच तास! गॅस आहे, नळ आहे, मिक्सर आहे. आणि तरी पाच तास. यंत्राने जात्याचा दगड हलका केला. पण खुंटा अजून बहुधा त्याच हातात आहे.

जिथे तो हात सुटला, तिथेही भार नाहीसा झालेला नाही; त्याने फक्त हात बदलला आहे. आपल्याकडे धुणेभांडी करायला जी बाई येते, ती पहाटे स्वतःच्या घरचे सारे आवरून येते. उन्हातान्हात दुचाकीवरून आपले जेवण आणणारा तरुण स्वतः किती वाजता जेवतो, हे आपण त्याला विचारत नाही. आणि पुष्कळ सुशिक्षित घरांत, स्वयंपाकघराच्या एका कोपऱ्यात, कामाच्या बाईचा चहाचा कप आजही वेगळा ठेवलेला असतो. १९१७ सालचा तो पाण्याचा पेला संग्रहालयात गेला असे आपण समजतो. आज घरी गेल्यावर आपापल्या फडताळात एकदा पाहावे, एवढीच माझी विनंती आहे.

हे मी दुसऱ्यांना सांगते आहे असे कृपया समजू नका. मी गृहविज्ञान शिकवले. वर्गात श्रमविभागणीवर तास घेतले. आणि घरी माझ्या मुलाला जेवून उठल्यावर स्वतःचे ताट कधी उचलू दिले नाही. मुलीला मात्र सातव्या वर्षी पाने घ्यायला शिकवले. त्यात मला काही विसंगत वाटले नाही. पुढे मुलगा नोकरीसाठी परदेशी गेला. तिथे एकट्याने राहताना तो स्वयंपाक शिकला. एके रात्री त्याचा फोन आला, “आई, थालिपिठाची भाजणी कशी करायची? प्रमाण सांग.” मी सांगू लागले : ज्वारी, बाजरी, तांदूळ, हरभऱ्याची डाळ, उडीद, धणे, जिरे, प्रत्येक धान्य वेगळे भाजायचे. तो म्हणाला, “हे झाले. पण किती घ्यायचे?” आणि मी अडखळले. मी आयुष्यभर ते अंदाजाने घेत आले होते. माझ्या आईने तिच्या सासूकडून घेतला तसाच तो अंदाज माझ्या हातात आला होता. दुसऱ्या दिवशी मी वाटी घेऊन बसले, प्रत्येक धान्य मोजले आणि त्याला लिहून पाठवले. काही दिवसांनी त्याने सांगितले की, त्याने भाजणी केली आणि शेजारच्या घरी चार थालिपिठे नेऊन दिली. माझ्या आजीची भाजणी, एका पुरुषाच्या हातची, परक्या देशातल्या शेजाऱ्याच्या पानात! श्रोतेहो, परंपरा पुढे गेली असे मी याला म्हणते. आणि हे काम मी घरी असताना करायला हवे होते, ते परिस्थितीने केले, याची खंतही मला आहे.

आता शेवटी बाईंच्या पंगतीविषयी सांगते. आज इथे बसलेल्या माझ्या वयाच्या मंडळींना ती आठवत असेल.

महिन्याच्या शेवटच्या शनिवारी शाळेच्या पटांगणात सातवीच्या वर्गाची पंगत असे. सर्वांनी आपापला डबा आणायचा आणि तो एका मोठ्या परातीत रिकामा करायचा. मग वाढप होई. बाईंचे नियम तीन. पहिला : वाढायचे मुलग्यांनी, आधी जेवायचे मुलींनी. दुसरा : कोणाच्या डब्यात काय होते, हे विचारायचे नाही. तिसरा : शाळेचा शिपाई आणि अंगण झाडणारी बाई याच रांगेत बसतील, आणि त्यांच्या शेजारी कोणी बसायचे हे बाई स्वतः सांगणार नाहीत, ते आपणच ठरवायचे.

पहिल्याच महिन्यात काही पालक तक्रार घेऊन आले. एकाचे म्हणणे, मुलग्यांना वाढपी केले. दुसऱ्याचे म्हणणे, आमच्या घरचे अन्न कोणाकोणाच्या हाताला लागते कोण जाणे. बाईंनी त्यांना बसवले, पाणी दिले आणि एवढेच म्हणाल्या, “पुढच्या महिन्यात आपणही जेवायला या. वाढायला हात कमी पडतात.” त्यांतले एक गृहस्थ खरोखरच आले. धोतराचा सोगा खोचून त्यांनी वरण वाढले. बाकीचे आले नाहीत. त्यांतल्या दोघांनी मुले शाळेतून काढली. शाळेच्या वर्गण्या तेव्हा तुटपुंज्या होत्या; दोन मुले जाणे ही लहान गोष्ट नव्हती. तरी पंगत बंद झाली नाही. आज मला कळते की, बाई त्या परातीत घास आणि भार दोन्ही एकत्र कालवीत होत्या.

आणि मी? पहिल्या पंगतीत त्या झाडणाऱ्या बाईंच्या शेजारची जागा रिकामी होती. मी ती पाहिली आणि मैत्रिणींत जाऊन बसले. दुसऱ्या महिन्यात ती जागा एका मुलाने घेतली. तिसऱ्या महिन्यात मी गेले. मधल्या दोन महिन्यांत बाई मला काही बोलल्या नाहीत. त्यांचे ते न बोलणे माझ्या सगळ्या शिक्षणापेक्षा मला अधिक शिकवून गेले आहे.

विद्यार्थी मित्रांनो, तुम्हाला जाते ओढायला कोणी सांगणार नाही आणि सांगूही नये. ते दाराशी शोभेला ठेवून तुम्ही संस्कृती राखली असेही होणार नाही. दोनच गोष्टी करा. रोज जेवायला बसण्यापूर्वी घरात कोणाचे जेवण व्हायचे आहे, हे विचारा. आणि जेवून उठताना आपल्या ताटाबरोबर आणखी एकाचे ताट उचला. मुलांनी हे मुलींहून अधिक मनावर घ्यावे, कारण त्यांचा अनुशेष मोठा आहे. आणि संस्थेच्या चालकांना मी हात जोडून विनंती करते की, मराठी शाळा चालवणे या गावात दिवसेंदिवस अवघड होत आहे हे मी जाणते. पण बाईंचे स्मारक म्हणून हे वार्षिक व्याख्यान पुरेसे नाही. शेवटच्या शनिवारची पंगत पुन्हा सुरू करावी. वाढायला हात कमी पडले तर मला बोलवावे. माझे गुडघे आता खाली बसू देत नाहीत. पण उभ्याने वरण वाढणे मला अजून जमते.